ढिगाऱ्यांवर उरलेली शिखरे

दुसरे महायुद्ध संपत आले तेव्हा आणि त्यानंतरच्या काही वर्षांत ब्रिटिश सरकारच्या माहिती खात्यासाठी जे अनुबोधपट निघाले, त्यांतील लंडनच्या जुन्या शहरभागाची, म्हणजे तेथील लोक ज्याला नुसते 'सिटी' म्हणतात त्या सुमारे एक चौरस मैलाच्या मुलखाची दृश्ये आज पाहू लागलो, तर ती प्रथम अनोळखी वाटतात; कारण सेंट पॉल कॅथीड्रलच्या प्रचंड घुमटाला खेटून उभ्या असलेल्या वखारी, पेढ्या आणि छापखाने तेथे नाहीत, त्यांच्या जागी कमरेएवढ्या उंचीच्या विटांच्या भिंती, उघडी पडलेली तळघरे आणि त्यांत माजलेले फुलांचे रान आहे, आणि त्या ओसाड पटांगणातून छपरे जळून गेलेल्या चर्चचे दगडी मनोरे, मध्ये कसलाही आडपडदा न राहिल्यामुळे, पायापासून शिखरापर्यंत दिसत आहेत. असे ते त्यापूर्वी अडीचशे वर्षांत कोणाला दिसले नव्हते, आणि नव्या कचेऱ्यांची बांधणी पुरी झाल्यावर पुन्हा कोणाला दिसले नाहीत. पोर्टलंडच्या ज्या पांढऱ्या दगडाने हे मनोरे बांधले, त्याचा एक गुण या कृष्णधवल चित्रांत फार उठून येतो: पावसाच्या माऱ्यात सापडणारी त्याची अंगे धुतली जाऊन पांढरीशुभ्र राहतात आणि आडोशाची अंगे कोळशाच्या धुराने काजळासारखी काळी होतात, म्हणून प्रत्येक खांब, प्रत्येक कंगोरा जणू कोणी शाईने रेखाटल्याप्रमाणे डोळ्यांत भरतो.

हे चित्रण ज्या व्यवस्थेतून झाले तिची हकीकत थोडक्यात सांगितली पाहिजे, कारण तिचा एक फाटा आपल्या मुंबईपर्यंत आलेला आहे. जॉन ग्रिअर्सन या स्कॉटिश गृहस्थाने १९३० च्या सुमारास एम्पायर मार्केटिंग बोर्डाच्या आश्रयाने जे चित्रपथक उभे केले, ते १९३३ मध्ये टपाल खात्याकडे गेले, युद्धकाळात माहिती मंत्रालयाच्या ताब्यात येऊन 'क्राउन फिल्म युनिट' या नावाने ओळखले जाऊ लागले, आणि १९४६ मध्ये ते मंत्रालय मोडून सेंट्रल ऑफिस ऑफ इन्फर्मेशन हे खाते स्थापन झाले तेव्हा त्या खात्याकडे वर्ग झाले. १९५२ मध्ये सरकारने ते बंद केले. सरकारी कामाची आणि नागरिकांच्या हक्कांची माहिती लोकांना चित्रपटातून द्यावी हा त्याचा उद्देश. चित्रपटगृहांत मुख्य खेळाबरोबर हे पट दाखवले जात आणि सोळा मिलिमीटरची यंत्रे मोटारीत घालून गावोगावच्या सभागृहांत, शाळांत, कारखान्यांच्या उपाहारगृहांतही ते नेले जात. १९४० चा 'लंडन कॅन टेक इट' हा बाँबवर्षावाच्या रात्रींवरील पट या पथकाने केला. हम्फ्री जेनिंग्ज आणि हॅरी वॉट हे त्याचे दिग्दर्शक, आणि निवेदन केले क्वेंटिन रेनॉल्ड्स या अमेरिकन वार्ताहराने. १९४५ च्या 'द प्राउड सिटी' या पटात पॅट्रिक ॲबरक्रॉम्बी आणि जे. एच. फोरशॉ हे नगररचनाकार आपली नव्या लंडनची योजना नकाशांच्या साहाय्याने प्रेक्षकांना समजावून देतात.

आपल्याकडे याच परंपरेतले अलेक्झांडर शॉ १९४० मध्ये मुंबईस आले आणि फिल्म ॲडव्हायझरी बोर्डाच्या कामाला लागले. पुढे १९४३ मध्ये इन्फर्मेशन फिल्म्स ऑफ इंडिया ही संस्था निघाली, आणि सरकारमान्य पट दाखवण्याची सक्ती चित्रपटगृहांच्या मालकांवर युद्धकालीन हुकुमाने आली. युद्ध संपल्यावर, १९४६ मध्ये, ही संस्था मोडीत निघाली. याचा परिणाम असा झाला की १५ ऑगस्ट १९४७ रोजी देश स्वतंत्र झाला तेव्हा तो सोहळा टिपण्यासाठी सरकारपाशी स्वतःचे चित्रपथकच नव्हते. १९४८ मध्ये फिल्म्स डिव्हिजन उभे राहिले आणि त्याचे ठाणे मुंबईतच झाले. ज्या वर्षी कॅमेरा गैरहजर असतो, त्या वर्षाचे दृश्य कोणत्याही दप्तरात मागून मिळत नाही, हे आपण या एका उदाहरणाने पुरते शिकलो आहोत. लंडनच्या चर्चच्या बाबतीत कॅमेरा हजर होता, आणि म्हणूनच त्या चित्रांचे मोल आहे.

परंतु एवढ्याशा मुलखात इतकी चर्च आली कोठून, हे समजल्याखेरीज त्या मनोऱ्यांची गर्दी पाहणाऱ्याला उलगडत नाही. मध्ययुगीन लंडनात प्रत्येक पेठेचे स्वतःचे चर्च असे. दोन गल्ल्या ओलांडल्या की दुसरी हद्द (पॅरिश), दुसरा पाद्री, दुसरी घंटा. जन्म-विवाह-मृत्यूच्या नोंदी, गोरगरिबांना मदत, पहाऱ्याची व्यवस्था, असा बराचसा मुलकी कारभारही त्या चर्चच्याच विद्यमाने चाले. १६६६ च्या सप्टेंबरात, पुडिंग लेनमधील एका भटारखान्यातून निघालेली आग चार दिवस भडकत राहिली, तिच्यात तेरा हजारांवर घरे, जुने सेंट पॉल आणि ८७ पॅरिश चर्च भस्मसात झाली. त्यांपैकी ५१ पुन्हा बांधण्याची तरतूद १६७० च्या कायद्याने झाली, आणि खर्चासाठी लंडन बंदरात उतरणाऱ्या दगडी कोळशावर जकात बसवण्यात आली. देवाच्या घरांचा खर्च कोळशाच्या जकातीतून निघावा आणि पुढे त्याच कोळशाच्या धुराने ती घरे काळवंडावी, हा योग इतिहासाने जुळवून आणला आहे. काम सोपवले गेले क्रिस्टोफर रेन यांच्याकडे. ते मूळचे ऑक्सफर्डचे खगोलशास्त्राचे प्राध्यापक. आग लागली तेव्हा त्यांची चौतिशी पुरी व्हायची होती. रॉबर्ट हूक हे शास्त्रज्ञ या कामात त्यांचे सहकारी होते, आणि मागाहून निकोलस हॉक्समूर हा तरुण त्यांच्या हाताखाली तयार झाला.

रेन यांच्यापुढची अडचण त्यांच्या प्रतिभेला जाचक ठरावी अशी होती, पण तिनेच ती फुलवली असे मला वाटते. जागा जुन्याच, वेड्यावाकड्या, शेजाऱ्यांच्या भिंतींनी तिन्ही बाजूंनी आवळलेल्या. कित्येक ठिकाणी भिंतीला भिंत काटकोनात मिळत नाही. रस्त्यावरून दिसण्यासारखे दर्शनी अंग फारसे उरतच नसे. तेव्हा त्यांनी दोन गोष्टींवर भर दिला. एक, आतला दिवाणखाना असा असावा की जमलेल्या प्रत्येकाला प्रवचन ऐकू यावे: बेताच्या आवाजात बोलणाऱ्याचे शब्द समोर पन्नास फूट, दोन्ही बाजूंना तीस-तीस फूट आणि पाठीमागे वीस फुटांपर्यंत पोचतात, असा हिशेब त्यांनी उतारवयात लिहून ठेवला आहे, आणि चर्च त्याहून फार मोठे करू नये असा त्यांचा अभिप्राय होता. रंगीत काचांऐवजी साधी काच घालून त्यांनी आत लख्ख उजेड घेतला. सेंट स्टीफन वॉलब्रुक या चर्चमध्ये तर चौकोनी दिवाणखान्यावर आठ कमानींच्या आधाराने घुमट तोलून धरून, पुढे सेंट पॉलवर जे भव्य प्रमाणावर करायचे होते त्याची जणू तालीम त्यांनी करून घेतली. दुसरी गोष्ट म्हणजे मनोरा. खाली गल्लीत जे दाखवता येत नव्हते ते घरांच्या छपरांवर आकाशात दाखवायचे, आणि प्रत्येक मनोरा दुसऱ्याहून इतका निराळा घडवायचा की थेम्सच्या पलीकडच्या काठावरूनही माणसाने आपल्या पेठेचे चर्च ओळखावे. पुष्कळ शिखरे चर्चच्या इमारतीनंतर वीस-तीस वर्षांनी, जकातीचा पैसा साचेल तसतशी चढली: सेंट ब्राइड्सचा दिवाणखाना १६७५ चा, तर एकावर एक अष्टकोनी मजले चढवीत २२६ फुटांवर गेलेले त्याचे शिखर १७०३ चे. सेंट मेरी-ल-बो या चर्चचे मात्र १६८० मध्येच पुरे झाले, आणि त्याच्या टोकावर वाऱ्याची दिशा दाखवणारा धातूचा पंखधारी ड्रॅगन बसला.

येथे आपल्याकडच्या इतिहासाचा एक धागा या कथेला सहज मिळतो. लंडन जळाल्यावर दोनच वर्षांनी, १६६८ मध्ये, इंग्लंडच्या राजाने मुंबई बेट वार्षिक दहा पौंड खंडाने ईस्ट इंडिया कंपनीच्या हवाली केले, आणि त्या कंपनीचे कारभारी याच जळून पुन्हा उभ्या राहत असलेल्या सिटीतले व्यापारी होते. त्यांची लेडनहॉल स्ट्रीटवरची कचेरी पेठेच्या चर्चना लागूनच होती. कंपनीचे गव्हर्नर जेराल्ड ऑन्जियर यांनी मुंबईच्या किल्ल्यात चर्चचा पाया घातला तो पुढच्याच दशकात. ते काम पुढे कित्येक वर्षे अर्धवट पडून राहिले आणि १७१८ मध्ये सेंट थॉमस चर्च प्रार्थनेसाठी खुले झाले. त्याच्या रोखाने उघडणारा किल्ल्याचा दरवाजा म्हणजे चर्चगेट. किल्ल्याच्या भिंती आणि तो दरवाजा गेला, पण लोकल गाडीने रोज तेथे उतरणाऱ्या लाखो लोकांच्या तोंडी ते नाव आहे.

एकोणिसाव्या शतकाच्या मध्यापासून सिटीतील चर्चवर आलेले संकट आगीचे नव्हते, रिकामपणाचे होते. १८५१ च्या खानेसुमारीत सव्वा लाखाच्या वर असलेली तेथील वस्ती १९०१ मध्ये सत्तावीस हजारांच्या आसपास आली, आणि १९५१ पर्यंत पाच हजारांवर उतरली. व्यापारी उपनगरांत राहायला गेले, घरांच्या कचेऱ्या झाल्या, आणि रविवारी सकाळी पाद्री आणि घंटा वाजवणारे यांच्याखेरीज चर्चमध्ये मोजकीच माणसे उरू लागली. जुन्या गोव्यातही वस्ती उठून गेली आणि चर्च मागे राहिली. परंतु तेथे जमिनीला सोन्याचा भाव नव्हता, येथे होता. १८६० च्या कायद्याने दोन-तीन पॅरिश एकत्र करून उरलेल्या इमारती पाडण्यास आणि जागा विकण्यास मुभा मिळाली, आणि त्या पैशातून उपनगरांत नवी चर्च निघाली. सेंट ॲन्थोलिनचे सुंदर शिखर असे १८७० नंतरच्या दशकात गेले. १९२० च्या सुमारास आणखी एकोणीस चर्च पाडावी अशी शिफारस झाली तेव्हा मात्र लोक खवळले. लंडन काउंटी कौन्सिलने त्याविरुद्ध पुस्तिका छापली, आणि १९२६ मध्ये तो प्रस्ताव पार्लमेंटात फेटाळला गेला. तरीही लोम्बार्ड स्ट्रीटवरचे ऑल हॅलोज युद्धाच्या तोंडावर पाडलेच. त्याचा मनोरा ट्विकनहॅम या उपनगरात नेऊन एका नव्या चर्चला जोडण्यात आला. या गोष्टीचा विचार करताना मन विषण्ण होते, कारण शत्रूने जे नंतर केले त्याची सुरुवात स्वकीयांनी, रीतसर कागदपत्रे करून, केलेली होती.

२९ डिसेंबर १९४० हा रविवार होता. कचेऱ्यांना कुलपे, चर्चना कुलपे, थेम्सला मोठी ओहोटी, आणि पाण्याचे नळ बाँबनी फुटलेले. अशा रात्री जर्मन विमानांनी सिटीवर हजारो आगलावे बाँब टाकले. हे बाँब वजनाने हलके, छपरावर पडून पेट घेणारे. वेळीच वाळू टाकणारा माणूस जागेवर असेल तर एका बादलीने विझणारे, आणि नसेल तर सबंध इमारत खाणारे. सेंट पॉलवर असा पहारा होता. घुमटाच्या शिशाच्या पत्र्यात रुतून जळू लागलेला एक बाँब सुदैवाने बाहेरच्या बाजूला सज्जात घसरला आणि तेथे विझवला गेला. पेठेच्या चर्चवर मात्र पहाऱ्याला माणसे नव्हती, कारण पेठेत माणसेच राहिली नव्हती. सेंट ब्राइड्स, सेंट लॉरेन्स ज्यूरी, न्यूगेट स्ट्रीटवरचे क्राइस्ट चर्च, सेंट व्हेडास्ट, सेंट मेरी ऑल्डरमनबरी, ही सगळी एका रात्रीत पोखरली गेली. सेंट ब्राइड्सच्या घंटा वितळून खाली कोसळल्या. पुढच्या महिन्यातच सरकारने आगपहारा सक्तीचा केला. १० मे १९४१ च्या रात्री सेंट मेरी-ल-बो जळाले. त्याच्या घंटांचा नाद बीबीसीने पूर्वीच ध्वनिमुद्रित करून ठेवला होता आणि युद्धकाळात तोच नाद रेडिओवरून परदेशांतल्या श्रोत्यांना ऐकू जात राहिला.

त्या रात्रींतून बहुतेक मनोरे मात्र वाचले. दिवाणखान्यांची छपरे लाकडी होती, ती गेली. मनोरे दगडी होते, ते तसेच राहिले. त्यांच्याभोवतीची गर्दी नाहीशी झाल्यावर, आकाशात ओळखू यावे म्हणून प्रत्येकाला दिलेला वेगळा घाट प्रथमच जमिनीवरून, पूर्ण, वाचता आला. युद्धोत्तर अनुबोधपटांत कॅमेरा त्यांच्या पायथ्यापासून हळूहळू वर चढतो तेव्हा तो नकळत रेन यांच्याच हेतूची पूर्तता करीत असतो, असे मला नेहमी वाटत आले आहे.

आता या भग्नावशेषांचे करायचे काय, हा प्रश्न युद्ध चालू असतानाच उपस्थित झाला. ऑगस्ट १९४४ मध्ये 'टाइम्स'मध्ये एक पत्र प्रसिद्ध झाले. कलासमीक्षक केनेथ क्लार्क, कवी टी. एस. एलियट आणि अर्थशास्त्रज्ञ केन्स यांच्यासारख्या मंडळींच्या त्यावर सह्या होत्या. काही मोजकी जळकी चर्च पुन्हा न बांधता, तशीच भग्न ठेवून, त्यांत बागा कराव्यात, म्हणजे ज्या पिढीने हे सोसले नाही तिला ते कळेल, अशी त्यांची सूचना होती. या सूचनेला विरोध करणाऱ्यांचे म्हणणेही वजनदार होते: उपासनेची जागा ती उपासनेसाठीच, तिचे स्मारक करून ठेवणे म्हणजे हार मानणे. अखेर दोन्ही घडले. सेंट लॉरेन्स ज्यूरी आणि सेंट मेरी-ल-बो पुन्हा उभी राहिली. सेंट डनस्टन-इन-द-ईस्टच्या बिनछपराच्या भिंतींत १९७१ मध्ये सार्वजनिक बाग झाली. सेंट मिल्ड्रेड ब्रेड स्ट्रीट आणि सेंट स्टीफन कोलमन स्ट्रीट कायमची गेली. आणि रिकामपणाच्या जुन्या प्रश्नावर १९५२ च्या एका कायद्याने फार समंजस तोडगा काढला: सोळा चर्चना पॅरिशच्या कर्तव्यांतून मुक्त करून, जी माणसे सोमवार ते शुक्रवार कचेरीत येतात त्यांच्यासाठी, कामाच्या दिवशी चालणारी 'गिल्ड चर्च' म्हणून त्यांना नवा अधिकार देण्यात आला. रविवारी ओस पडणाऱ्या देवालयाने रविवारचा हट्ट सोडावा, हे शहाणपण एकोणिसाव्या शतकात सुचले असते तर किती शिखरे वाचली असती!

सेंट ब्राइड्सची हकीकत सविस्तर सांगण्याजोगी आहे, विशेषतः वृत्तपत्रांशी संबंध असलेल्या वाचकांसाठी. १५०० च्या सुमारास विन्किन द वर्ड या मुद्रकाने आपला छापखाना या चर्चच्या शेजारी आणला, आणि तेव्हापासून फ्लीट स्ट्रीट ही छापखान्यांची आणि मागाहून वर्तमानपत्रांची पेठ झाली; पत्रकारांचे चर्च अशी त्याची ख्याती आजही आहे. जळाल्यावर दहा-बारा वर्षे ते उघडेच होते. पुनर्बांधणीपूर्वी, १९५२ पासून, डब्ल्यू. एफ. ग्राइम्स या पुरातत्त्वज्ञाने त्याच्या जमिनीत उत्खनन केले तेव्हा खाली एकाखाली एक अशा जुन्या चर्चचे पाये लागत गेले आणि तळाशी रोमन काळातील फरसबंदी निघाली. एकोणिसाव्या शतकात बंद करून टाकलेली दफनाची तळघरेही उघडली. (याच ग्राइम्स यांना १९५४ मध्ये वॉलब्रुकच्या परिसरात मिथ्र देवतेचे रोमन देऊळ सापडले, आणि ते पाहण्यासाठी कचेऱ्यांतून सुटलेल्या हजारो लोकांनी रांगा लावल्या.) टॉवर ऑफ लंडनजवळच्या ऑल हॅलोजमध्येही बाँबनेच भिंत फोडली आणि आत दडलेली, रोमन विटांची, सॅक्सन कमान उजेडात आली. सेंट ब्राइड्सचे काम गॉडफ्री ॲलन यांनी केले. सेंट पॉलच्या आसपासच्या इमारतींनी किती उंच व्हावे याचे नियम १९३० नंतरच्या दशकात आखणारे तेच. डिसेंबर १९५७ मध्ये राणीच्या उपस्थितीत चर्चचा पुनःसमर्पणविधी झाला.

या प्रकारच्या पटांवर एक आक्षेप घेतला जातो, आणि तो खोटा नाही: त्यांतले निवेदन सरकारी असते. जे झाले ते धीराने सोसले, जे होणार ते योजनाबद्ध होणार, असा त्याचा सूर, आणि ज्या गोष्टी त्या वर्षीच्या धोरणाला सोयीच्या नव्हत्या त्यांचा उच्चार त्यात नसतो. परंतु निवेदन लिहिणाऱ्याची सत्ता शब्दांवर चालते, पार्श्वभूमीवर चालत नाही. निवेदक नव्या रुंद रस्त्याची ग्वाही देत असतो आणि त्याच्यामागे, कोणी मुद्दाम दाखवलेली नसताना, एखाद्या चर्चची उत्तरेकडची भिंत उभी असते, जी पुढे दोनच वर्षांत त्याच रस्त्यासाठी पडलेली असते. म्हणून माझी विनंती अशी की ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूट किंवा इंपीरियल वॉर म्यूझियम यांच्या संग्रहांतले असे पट पाहण्याची संधी मिळाली तर ते दोनदा पाहावेत: एकदा निवेदनासह, म्हणजे त्या काळाची उमेद कळेल, आणि एकदा आवाज बंद करून, शेजारी सिटीचा जुना नकाशा घेऊन, म्हणजे कोणता मनोरा कोणत्या पेठेचा हे एकेक लावता येईल. आपल्या फिल्म्स डिव्हिजनच्या संग्रहालाही हीच रीत लागू आहे. त्यातील धरणांच्या, गिरण्यांच्या आणि साक्षरतेच्या पटांत फोर्ट, गिरगाव आणि लालबाग मागच्या बाजूला आलेले असणार, आणि ती घरे ओळखणारी माणसे हयात आहेत तोवर त्यांना समोर बसवून चौकटीगणिक नोंदी करून घेण्याचे काम एखाद्या ग्रंथालयाने किंवा महाविद्यालयाने अंगावर घ्यायला हवे.

या नोंदींची गरज किती असते हे सेंट मेरी ऑल्डरमनबरीच्या उदाहरणावरून दिसेल. १९४० मध्ये जळालेल्या या चर्चच्या भिंती पंचवीस वर्षे लंडनात तशाच उभ्या होत्या. मग १९६० नंतरच्या दशकात त्या दगड दगड सुटा करून जहाजाने अमेरिकेत नेण्यात आल्या, आणि मिझुरी राज्यातील फुल्टन या गावी, जेथे चर्चिल यांनी १९४६ मध्ये 'पोलादी पडद्या'चे भाषण केले त्या महाविद्यालयाच्या आवारात, पुन्हा रचण्यात येऊन १९६९ मध्ये तेथे समर्पणविधी झाला. लंडनच्या मूळ जागी आता बाग आहे. जमिनीत पायाच्या रेषा तेवढ्या दाखवल्या आहेत, आणि शेक्सपिअरची नाटके प्रथम एकत्र करून छापवून घेणारे हेमिंग्ज आणि कॉन्डेल हे दोन नट या पॅरिशचे रहिवासी होते म्हणून त्यांचे एक स्मारक तेथे आहे.